भूमिका आटली, तारखा मात्र अडकल्या

(पत्र थोडक्यात. ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत.)

वाचक ४४ वर्षांचे आहेत. मूळ सोलापूरचे, १५ वर्षं मुंबईत. हौशी आणि प्रायोगिक रंगभूमीवरून आले आणि मालिका-चित्रपटांत इन्स्पेक्टर, वकील, शेजारी, वडील अशा भूमिका करत राहिले. अडीच वर्षांपासून एका मराठी दैनंदिन मालिकेत ते नायिकेचे काका आहेत. दिवसाला ६,००० रुपये मिळतात. सुरुवातीला महिन्याला १५ दिवस काम असायचं, गेल्या दोन महिन्यांत ते ५-६ दिवसांवर आलंय. करारात किमान दिवसांची हमी नाही, ‘पंधरा दिवस धरून चला’ असं तोंडी सांगितलं होतं. आता एका हिंदी वेब सिरीजमध्ये सरकारी अधिकाऱ्याची भूमिका आली आहे. काम ९ दिवसांचं, पण ४० दिवसांच्या शेड्यूलमध्ये पसरलेलं. मालिकेच्या सेटवर विचारलं तर ‘तुम्ही एक्सक्लुझिव्ह आहात, तारखा जमणार नाहीत’ असं उत्तर मिळालं. पत्नी शिक्षिका आहेत, मुलगा दहावीत आहे, घराचा हप्ता सुरू आहे. ते विचारतात, ‘मालिका सोडू का? मी आता कायमचा काकाच झालोय का? वेळीच लीडसाठी धडपडलो असतो तर ही वेळ आली नसती, असं सारखं वाटतं.’

---

नमस्कार.

‘दिवस कमी झालेत, पण घरखर्चाला अजून अडचण आलेली नाही,’ असं तुम्ही लिहिलंय. आधी याच वाक्याकडे पाहू या. मालिकेचं मानधन काम झाल्यापासून साधारण ९० दिवसांनी हातात येतं. म्हणजे आज खात्यात जमा होतंय ते तीन महिन्यांपूर्वीच्या १५ दिवसांचं. त्याचे ९०,००० होतात, १० टक्के टीडीएस कापून ८१,०००. गेल्या महिन्यातल्या ६ दिवसांचे होतात ३६,०००, टीडीएस जाऊन ३२,४००, आणि ते अजून यायचेत. दिवस कमी होऊन दोन महिने झाले असतील, तर तुमच्याकडे जेमतेम महिनाभराची उसंत आहे. त्यानंतर निर्णय घ्यायला बसलात तर डोक्यावर हप्त्याची तारीख असेल आणि समोर येईल त्या कामाला, येईल त्या पैशात हो म्हणावं लागेल. म्हणून हा विचार याच आठवड्यात करायचा.

आता लीडबद्दल. तुमच्या पत्रात एक गृहीत धरलेली गोष्ट वारंवार येते. सहाय्यक भूमिका म्हणजे मुख्य भूमिकेकडे जाणाऱ्या वाटेवरचा मुक्काम, आणि जो तिथेच राहिला तो मागे पडला. पण हे दोन व्यवसाय आतून बरेच वेगळे आहेत. दैनंदिन मालिकेच्या नायकाला महिन्याचे पंचवीसेक दिवस एकाच सेटवर द्यावे लागतात आणि त्याचा चेहरा त्या एका व्यक्तिरेखेला चिकटतो. मालिका संपली की वाहिन्या तोच चेहरा लगेच दुसरीकडे घ्यायला कचरतात. नायकाच्या वयाची चौकटही अरुंद असते. चरित्र अभिनेत्याचं, म्हणजे अशा सहाय्यक भूमिका करणाऱ्याचं, गणित उलट चालतं. त्याला वर्षभरात चार-पाच ठिकाणी थोडं थोडं काम असतं आणि वय वाढेल तशा भूमिका वाढतात. न्यायाधीश, मंत्री, डॉक्टर, मुख्याध्यापक, सासरा, बँकेचा मॅनेजर ही सगळी माणसं ४५ ते ६५ या वयातली असतात. तुम्ही आत्ता त्या पट्ट्याच्या दाराशी आलात.

डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद होते. १९६९ मध्ये, वयाच्या ४२व्या वर्षी ते पूर्णवेळ अभिनयाकडे वळले. ए. के. हंगल यांचा पहिला चित्रपट १९६६चा, तेव्हा ते पन्नाशीच्या आसपास होते, आणि पुढची कितीतरी वर्षं त्यांनी वडीलधाऱ्यांच्या भूमिका केल्या. त्याच हंगलांना अखेरच्या काळात उपचारांच्या खर्चासाठी मदत घ्यावी लागली. या दोन्ही गोष्टी शेजारी ठेवून बघा. या कामात वय आड येत नाही, पैशाची आखणी नसणं मात्र आड येतं. अशोक सराफ यांनी कितीतरी वर्षं स्टेट बँकेतली नोकरी सांभाळून नाटकं केली. डॉ. मोहन आगाशे मानसोपचारतज्ज्ञ म्हणून काम करत राहिले. दुसरा व्यवसाय धरून ठेवला म्हणून अभिनयावरची निष्ठा कमी होते असं कुणी म्हणत असेल, तर ते मनावर घेऊ नका.

भूमिका लहान झाली याचं तुम्हाला वाईट वाटतंय आणि ते साहजिक आहे. तरी तुमची खरी अडचण भूमिकेच्या आकारात नाही. दुकानदाराकडे माल असतो, तसे अभिनेत्याकडे दिवस असतात. महिन्याचे ३० दिवस तुम्ही एका निर्मितीसंस्थेसाठी अडवून ठेवले आहेत आणि त्यातले ६ दिवसच ती विकत घेते. उरलेल्या २४ दिवसांचे पैसे कुणीच देत नाही, आणि दुसऱ्याला विकायचीही तुम्हाला मुभा नाही. हमी न देता घातलेलं बंधन म्हणतात ते हे. काकांना प्रसंग कमी मिळणं लेखकाच्या आणि वाहिनीच्या हातात आहे, त्यावर रागावून काही होणार नाही. दिवस मोकळे करून घेणं मात्र बोलून साधण्यासारखं आहे.

बोलण्याआधी करार काढा आणि नीट वाचा. ‘एक्सक्लुझिव्ह’ हा शब्द सेटवर फार सैल वापरला जातो. बऱ्याच करारांत बंधन दुसऱ्या दैनंदिन मालिकेपुरतं किंवा दुसऱ्या वाहिनीपुरतं असतं. चित्रपट, नाटक, वेब सिरीज यांना ‘तारखा अडचणीत येणार नसतील तर’ किंवा ‘लेखी परवानगीने’ मुभा असते. कराराची मुदत अजून चालू आहे का तेही बघा. पहिलं वर्ष संपल्यावर नूतनीकरण न करता काम तसंच सुरू राहिलं, असं अनेकदा घडतं, आणि तसं असेल तर तुमची बाजू बरीच भक्कम होते. सोडायची वेळ आली तर किती दिवसांची सूचना द्यायची, ३० की ६०, हे पाहा. सूचना न देता गेल्यास राहिलेलं मानधन अडवायचा हक्क निर्मात्याने लिहून घेतलाय का, हे तर नक्की पाहा, कारण तुमचे तीन महिन्यांचे पैसे त्यांच्याकडे आहेत. ‘निर्माता केव्हाही काढू शकतो, कलाकाराने मात्र दोन महिने आधी सांगायचं’ असं एकतर्फी कलम बहुतेक करारांत असतं. ते वाचून खचू नका, पुढच्या करारात त्यावर बोलायचं हे लक्षात ठेवा. इंग्रजी कलमं समजत नसतील तर वकिलाची एका भेटीची फी द्या. एका दिवसाच्या मानधनाच्या आसपास ती भागते आणि वर्षभर उपयोगी पडते.

मग बोलायचं कुणाशी? तुम्ही सेटवर विचारलंत, म्हणजे बहुधा दिग्दर्शकाला किंवा शेड्यूल लावणाऱ्या सहायकाला. त्यांच्या हातात त्या आठवड्याचं वेळापत्रक असतं, पुढच्या महिन्याचा ट्रॅक, म्हणजे कथानक कुठे जाणार ते, नसतं. त्यांना तारखा मागितल्या की ते आधी नाहीच म्हणतात, कारण हो म्हटलं तर पुढची कसरत त्यांनाच करायची असते. तुम्ही निर्मितीसंस्थेच्या एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसरची वेळ मागा, कार्यालयात जाऊन भेटा, आणि हातात ९ दिवसांचा कागद घेऊन जा. ‘मला जरा सूट द्या’ ही विनंती अधांतरी राहते. ‘या ४० दिवसांत मला हे ९ दिवस हवेत, त्यातले तीन सलग आहेत, बाकी सगळे दिवस तुमचे’ असं सांगितलं तर समोरच्याला त्यावर काम करता येतं. तीन-चार आठवडे आधी सांगितलंत तर लेखकाला काकांना गावी पाठवता येतं, लग्नाच्या बोलणीला बाहेरगावी धाडता येतं. दैनंदिन मालिकांत हे सर्रास होतं. आदल्या आठवड्यात सांगितलंत तर ते लिहून झालेलं असतं. आणि ज्या दिवशी बारा तासांच्या शिफ्टमध्ये घरातले सगळे एकत्र असलेले प्रसंग घ्यायचे आहेत, त्याच दिवशी गैरहजर राहायला मागू नका. दहा कलाकारांच्या तारखा जुळवून तो दिवस लावलेला असतो.

याच भेटीत दुसरं विचारायचं ते महिन्याच्या हमीबद्दल. ‘पुढच्या तीन महिन्यांत काकांचा ट्रॅक काय आहे?’ असं सरळ विचारा. ट्रॅक परत येणार असेल तर किमान १० दिवसांची लेखी हमी मागा. येणार नसेल तर एक्सक्लुझिव्ह हा शब्द काढून, दिवसाच्या हिशोबाने, तारखा मोकळ्या असतील तेव्हा यायचं असं ठरवा. दोन्ही मागण्या रास्त आहेत, एक तरी मिळायला हवी. भेट झाल्यावर त्याच संध्याकाळी चार ओळींचा ई-मेल पाठवा, ‘आज आपलं असं असं बोलणं झालं’. यात अविश्वास नाही, पुढे माणसं बदलतात म्हणून लिहून ठेवायचं.

दोन्हींना स्पष्ट नकार आला तर? तर माझ्या मते सूचनेचा काळ पूर्ण करून मालिका सोडावी. ६ दिवसांच्या ३२,४०० रुपयांसाठी उरलेले २४ दिवस वर्षभर बांधून ठेवणं तुम्हाला परवडणारं नाही. पण सोडताना एकही कॉल, म्हणजे सेटवर हजर राहायची ठरलेली वेळ, चुकवू नका. आजारपणाचं खोटं कारण सांगून दुसऱ्या सेटवर गेलात, तर तिथला मेकअपमन किंवा स्पॉटदादा तुमच्या मालिकेत काम करून गेलेला निघतो. आज जो एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर तुम्हाला तारखा नाकारतोय, तोच दोन वर्षांनी दुसऱ्या संस्थेत असेल आणि ४५ वर्षांचा अधिकारी शोधत असेल.

इथे एक गोष्ट जवळजवळ सगळे विसरतात, ती म्हणजे कंटिन्युइटी, व्यक्तिरेखेचं दिसणं प्रसंगागणिक सारखं राहणं. काकांना मिशी आहे का? केस रंगवलेले आहेत का? अधिकाऱ्याच्या भूमिकेला सफाचट चेहरा हवा असेल, तर तारखा जुळूनही काम हातचं जाईल किंवा मालिकेत भांडण होईल. लुक टेस्टच्या आधीच वेब सिरीजच्या दिग्दर्शन विभागाला मालिकेतला चालू फोटो पाठवा आणि विचारा. मिशी ठेवून भूमिका चालते का, हा पहिला प्रश्न. नसेल चालत, तर मालिकेत चिकटवायची मिशी लावता येते, पण मोठ्या क्लोजमध्ये, म्हणजे चेहरा जवळून घेतलेल्या शॉटमध्ये, ती कळते आणि घाम आला की कडा सुटतात. मालिकेच्या मेकअप विभागाची तयारी हवी आणि तुमचा कॉल अर्धा तास आधीचा हवा. हे सगळं आधी बोललं तर छोटं काम असतं, शूटिंगच्या सकाळी कळलं तर दोन्हीकडची माणसं संतापतात.

वेब सिरीजचा करार मालिकेसारखा दिवसावर नसतो. सहसा पूर्ण भूमिकेची एक ठोक रक्कम ठरते. त्यात किती दिवस धरले आहेत हे लिहून घ्या, नाहीतर ९ दिवसांचे १३ होतात आणि रक्कम तीच राहते. जादा दिवसाचा दर आत्ताच ठरवा. सेटवर बोलावून काम न घेता परत पाठवलं तर तो दिवस धरला जाईल, हेही लिहून घ्या. पैशांचे हप्ते पूर्वी सही, शूटिंग आणि डबिंग असे पडायचे, आणि डबिंग बाकी असेपर्यंत कलाकाराच्या हातात काहीतरी असायचं. आता बहुतेक ठिकाणी आवाज सेटवरच रेकॉर्ड होतो, डबिंगला चार ओळी उरतात किंवा काहीच उरत नाही. त्यामुळे मोठा हिस्सा शेवटच्या शूटिंग दिवसाच्या आधी मिळेल अशी मागणी करा. पूर्ण मान्य नाही झाली तरी ७०-८० टक्क्यांपर्यंत यायला हरकत नसते.

श्रेयनामावलीत नाव येणार हेही करारात असू द्या. यात मानापमानाचा प्रश्न नाही. २०१२च्या दुरुस्तीनंतर आपल्या कॉपीराइट कायद्यात असं आहे की, चित्रपटात ज्याचं काम जुजबी स्वरूपाचं आहे आणि व्यवसायाच्या रिवाजानुसार ज्याचं नाव श्रेयात कुठेच येत नाही, त्याला कायद्याच्या दृष्टीने ‘परफॉर्मर’ धरलं जात नाही. त्याला आपलं काम विकृत केल्याबद्दल दाद मागता येते, बाकीचे परफॉर्मरचे हक्क मिळत नाहीत. दोन प्रसंगांच्या भूमिका करणाऱ्या प्रत्येकाने हे लक्षात ठेवायला हवं. आणखी एक नवं कलम अलीकडे दिसू लागलंय. तुमचा चेहरा आणि आवाज ‘आज उपलब्ध असलेल्या आणि पुढे येणाऱ्या सर्व तंत्रज्ञानाने’ वापरायची परवानगी. त्यात ‘फक्त याच कलाकृतीसाठी आणि तिच्या प्रसिद्धीसाठी’ एवढे शब्द घालायला सांगा. कृत्रिम बुद्धिमत्तेने तुमचा आवाज उद्या दुसरीकडे बोलू लागला तर तुमच्या हातात काहीतरी हवं.

आता कामाबद्दल, कारण तारखा मिळवून तिथे काकाच उभे राहिले तर उपयोग नाही. दैनंदिन मालिकेत अडीच वर्षं काढली की काही सवयी अंगात मुरतात आणि ज्याच्या त्याला दिसत नाहीत. प्रसंगाचा कागद त्याच दिवशी हातात पडतो, कॅमेऱ्यामागून कुणीतरी प्रॉम्प्ट करतं. वाक्य कानाने उचलायचं आणि मग बोलायचं. त्या अर्ध्या क्षणात डोळे रिकामे होतात, कारण लक्ष समोरच्या माणसाकडे नसतं, मागून येणाऱ्या आवाजाकडे असतं. दुसरी सवय प्रतिक्रियेची. हॉलमध्ये आठ नातेवाईक उभे असतात, प्रत्येकाचा वेगळा क्लोज घेतला जातो, त्यावर पार्श्वसंगीत चढणार हे माहीत असतं, म्हणून भाव आणून तो धरून ठेवायची सवय लागते. तिसरी सवय आवाजाची. सेटवरच्या गोंगाटात सगळेच एक पट्टी वर बोलतात. मालिकेच्या गरजेतून आलेल्या या सवयी आहेत, तिथे त्या चुकीच्या नाहीत. वेब सिरीजच्या कॅमेऱ्यासमोर मात्र त्या पहिल्याच टेकला उघड्या पडतात.

यावर घरी करता येण्यासारखा एक अभ्यास आहे. एका पानाचा प्रसंग घ्या आणि कसलाही भाव न घालता, हाताने दुसरं काही काम करत, भरभर म्हणून पूर्ण पाठ करा. मध्येच कुणी वेगळं काही विचारलं आणि उत्तर देऊन तुम्ही पुढच्या ओळीला सहज आलात की तो पाठ झाला. मग समोरची वाक्यं कुणाला तरी म्हणायला सांगून फोनवर तीनदा रेकॉर्ड करा, एकदा कमरेपर्यंत, एकदा छातीपर्यंत, एकदा फक्त चेहरा, आणि आवाज समोर दोन हातांवर बसलेल्या माणसाला ऐकू जाईल एवढाच. तिन्ही रेकॉर्डिंग आधी आवाज बंद करून बघा, मग आवाज लावून. समोरच्याचं वाक्य संपायच्या आत तुमच्या भुवया हलल्या असतील तर तुम्ही ऐकत नव्हता, आपल्या वाक्याची वाट बघत होता. वाक्य संपल्यावर भाव तसाच धरून ठेवला असेल तर ती मालिकेची सवय. आठवडाभर रोज अर्धा तास केलंत तर फरक तुमच्याच डोळ्यांना दिसेल.

सेटवर सहाय्यक कलाकाराची किंमत आणखी काही गोष्टींनी ठरते, ज्यांबद्दल फारसं कुणी बोलत नाही. कपाची दांडी कोणत्या हातात होती आणि कोणत्या शब्दावर तो खाली ठेवला, हे मास्टर शॉटमध्येच, म्हणजे अख्खा प्रसंग एकत्र घेतानाच, ठरवून लक्षात ठेवणारा कलाकार संकलकाला हवा असतो. हात चुकला की तुमचा क्लोज जुळत नाही, आणि जुळत नाही तो सरळ कापला जातो. ‘माझं काम कापलं’ अशी तक्रार करणाऱ्या कितीतरी जणांच्या बाबतीत कारण एवढंच असतं. दुसऱ्याच्या क्लोजला कॅमेऱ्याबाहेरून क्यू देताना पूर्ण मनाने द्या, डोळे लेन्सच्या शक्य तितके जवळ ठेवा आणि त्याच्या वाक्यावर आपलं वाक्य चढू देऊ नका. नायकाला ज्याच्यासोबत काम सोपं जातं, त्याचं नाव तो पुढच्या ठिकाणी सुचवतो. चरित्र अभिनेत्याची निम्मी कामं अशीच येतात.

‘कायमचा काका’ ही भीतीही जरा बाजूने बघू या. कास्टिंग करणारी माणसं आधी साचाच शोधतात. ‘४५ ते ५०, मध्यमवर्गीय, अधिकारी वाटेल असा’ हा निरोप जेव्हा फिरतो तेव्हा तुमचं नाव पुढे येणं ही मिळकत आहे. निळू फुल्यांनी कितीतरी चित्रपटांत गावगुंड, पाटील, सरपंच रंगवले आणि लोकांनी त्यांना त्याच रूपात पाहिलं. १९७९च्या ‘सिंहासन’मध्ये तेच पत्रकार दिगू टिपणीस झाले. साचा मोडायचा तर आधी तो पक्का असावा लागतो, आणि मोडायचा तोही एकेका बाजूने. वय तेच ठेवून वर्ग बदला, वर्ग तोच ठेवून बोली बदला. तुम्हाला आलेला अधिकारी हे असंच एक पाऊल आहे. प्रेमळ काकाच्या जागी निर्णय घेणारा, थंड डोक्याचा माणूस. भूमिका ९ दिवसांची असली तरी मी तिला मोलाची धरेन.

पत्रात ओघात एक ओळ आली आहे, की सोलापुरात वाढल्यामुळे कानडी आणि तेलुगू घरच्यासारखी बोलता येते. ही गोष्ट तुमच्या प्रोफाइलवर आहे का? नसेल, तर आजच घाला, आणि प्रत्येक भाषेतली अर्ध्या मिनिटाची चित्रफीत जोडा, कारण ‘भाषा येते’ असं सगळेच लिहितात. मुंबईत हिंदी निर्मितीत मराठी माणसाला हवालदार, कारकून, पक्षाचा कार्यकर्ता यापलीकडे फारसं विचारत नाहीत, ही खंत खरी आहे. त्यातून बाहेर यायला स्वच्छ हिंदी आणि एखादी तिसरी भाषा फार उपयोगी पडते. दाक्षिणात्य चित्रपटांच्या मराठी-हिंदी डबिंगमध्येही मूळ भाषा समजणाऱ्या माणसाला ओठांशी शब्द जुळवणं सोपं जातं. डबिंग स्टुडिओत आवाजाची चाचणी देऊन ठेवा. ते काम एखाद्या मोकळ्या दुपारी होतं, कंटिन्युइटीचा प्रश्न येत नाही.

शोरील, म्हणजे आपल्या कामाच्या निवडक तुकड्यांची चित्रफीत, दोन मिनिटांच्या आत हवी. संगीत नको, झटपट तुकड्यांची माळ नको. तीन वेगळ्या स्वभावांचे तीन सलग तुकडे, आणि पहिल्या पाच सेकंदांत तुमचा चेहरा. त्यातला एक तुकडा तुम्ही नुसतं ऐकताय असा असू द्या. सेल्फ टेप, म्हणजे घरून पाठवायची ऑडिशन, करताना फोन आडवा, लेन्स डोळ्यांच्या उंचीवर, मागची भिंत एकरंगी आणि तिच्यापासून तीन-चार फूट पुढे तुम्ही, म्हणजे सावली पडत नाही. समोरून वाक्यं देणारी व्यक्ती लेन्सच्या अगदी शेजारी उभी राहू द्या आणि तिला हळू बोलायला सांगा. माइक तिच्या जवळ असतो, त्यामुळे तिचा आवाज तुमच्यावर चढतो आणि सगळी टेप वाया जाते. इंट्रो वेगळा करा, त्यात नाव, वय, उंची, भाषा, मोकळ्या तारखा आणि दोन्ही बाजूंचे प्रोफाइल. फोटो आजच्या केसांचे हवेत, चार वर्षांपूर्वीचे नकोत. आणि ऑडिशनसाठी, नोंदणीसाठी, कसल्याशा कार्डसाठी पैसे मागणाऱ्याला उत्तरही देऊ नका. काम देणारा अभिनेत्याकडून पैसे घेत नाही. काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरची टक्केवारी असते, ती मिळालेल्या मानधनातून जाते, आधी नाही.

पैशांचं थोडक्यात. मानधन तीन महिन्यांनी येणाऱ्या माणसाने सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवायला हवेत, कारण मालिका बंद पडल्यावर नवी मिळाली तरी तिचा पहिला पैसाही ९० दिवसांनीच येणार. दर तिमाहीला आयकराच्या पोर्टलवर जाऊन कापलेला टीडीएस तुमच्या पॅनवर जमा झालाय का ते बघा. कापला पण भरला नाही, असं घडतं, आणि वर्ष उलटल्यावर त्याचा पाठपुरावा अवघड होतो. चित्रपट कलाकारांना अनुमानित उत्पन्नाची योजना लागू होते. वर्षाचं एकूण मानधन ५० लाखांच्या आत असेल तर त्यातलं निम्मं उत्पन्न धरून कर भरता येतो आणि हिशोबाच्या वह्यांची कटकट टळते. मात्र आगाऊ कर १५ मार्चपर्यंत भरावा लागतो. सीएला एकदा विचारून घ्या. आरोग्यविमा स्वतःचा काढा, मालिका देत नाही. आणि एक वही ठेवा. तारीख, कॉलची वेळ, पॅकअपची वेळ, प्रसंगांचे क्रमांक. उद्या थकलेल्या पैशांसाठी ‘सिंटा’ या कलाकारांच्या संघटनेकडे किंवा दुसऱ्या कुठल्याही संघटनेकडे जावं लागलं, तर पहिला प्रश्न ‘कागद काय आहे?’ हाच असतो.

घरी हे सगळं आकड्यांसकट सांगा. तुम्ही पत्नीला ‘काळजी नको’ म्हणून दिवस कमी झाल्याचं सांगितलेलं नाही, असं पत्रावरून वाटतं. नियमित पगार त्यांचा आहे. पुढचे तीन-चार महिने घर बरंचसं त्यावर चालणार असेल, तर ते त्यांना आधी कळायला हवं. मुलाच्या बोर्डाच्या परीक्षेच्या दिवसांत बाहेरगावचं शूटिंग पडतंय का, तेही ९ दिवसांच्या कागदावर एकदा तपासून घ्या.

वेब सिरीजच्या कास्टिंगला मात्र आजच फोन करा. ‘विचार करून सांगतो’ म्हणून गप्प बसलात तर ते दुसरा चेहरा बघायला लागतात. भूमिका करायची आहे, मालिकेशी तारखांचं बोलणं चालू आहे, मिशीबद्दल हे असं आहे, एवढं मोकळेपणाने सांगा. त्यांना नाव पक्कं करायची शेवटची तारीख कोणती ते विचारा, आणि त्या तारखेच्या दोन दिवस आधी उत्तर काहीही असलं तरी तुम्ही स्वतःहून कळवा.